फिटच्या गोळ्या, व्हॅल्प्रोएट आणि पोटातलं बाळ: सारखे सारखे येणारे प्रश्न

मी न्यूरोच्या ओपीडीत समुपदेशक म्हणून काम करते, डॉक्टर नाही. फिट येणाऱ्या मुली, त्यांच्या आया, नवरे, कधी कधी आशाताई पण मेसेज करून गरोदरपणात फिटच्या गोळ्या, खासकरून व्हॅल्प्रोएट, बाळाला बाधतात का हेच विचारत राहतात, म्हणून सगळं एका जागी लिहून ठेवतेय. डोस ठरवायला तुमचे डॉक्टरच लागतील, पण त्यांना काय विचारायचं ते इथे नक्की मिळेल. हातात पॉझिटिव्ह टेस्ट घेऊन वाचत असाल तर आधी प्रश्न ४ वाचा, बाकीचं नंतर.

१. व्हॅल्प्रोएट म्हणजे नेमकी कुठली गोळी? माझ्या पट्टीवर तर वेगळंच नाव आहे.

मोठ्या अक्षरात असतं ते कंपनीने दिलेलं नाव. एन्कोरेट, व्हॅल्पारिन, एपिलेक्स, डायकोरेट अशी बरीच आहेत. पट्टी उलटी करा आणि बारीक अक्षरात बघा, तिथे सोडियम व्हॅल्प्रोएट, व्हॅल्प्रोइक ॲसिड किंवा डायव्हॅल्प्रोएक्स यातलं काहीही लिहिलेलं असेल तर ती हीच गोळी. नावापुढे क्रोनो, सीआर, ईआर, ओडी असं काही असलं तरी औषध तेच, फक्त हळूहळू सुटणारं. पट्टी कापून कापून घेतल्यामुळे नावाचा तुकडाच उरला नसेल तर मेडिकलवाल्याकडून पूर्ण नाव कागदावर लिहून घ्या, "ती गुलाबी गोळी" एवढ्यावर फोनवर कोणीच काही सांगू शकत नाही.

२. फिटची गोळी चालू असली की बाळात व्यंग येतंच का?

नाही. फिट येणाऱ्या बहुतेक बायकांना धडधाकट बाळं होतात, हे आधी मनात पक्कं करा. कसलंही औषध न घेणाऱ्या बायकांतसुद्धा १०० बाळांत २-३ बाळांना जन्मतः काहीतरी मोठं व्यंग असतं. प्रश्न आहे तो कुठल्या गोळीने हा आकडा किती वाढतो याचा. युराप नावाची मोठी आंतरराष्ट्रीय नोंदवही आहे, तिच्यात सात हजारांवर गर्भारपणांचा हिशोब २०१८ मध्ये छापून आला. त्यात लेव्हेटिरॅसेटाम आणि लॅमोट्रिजिनचा आकडा १०० मागे ३ च्या आत होता, म्हणजे जवळपास सर्वसाधारण बायकांइतकाच. कार्बामाझेपिन साडेपाच, फेनिटॉइन आणि फेनोबार्बिटोन सहाच्या थोडं वर, आणि व्हॅल्प्रोएट दहाच्या वर. त्यामुळे "फिटच्या गोळ्या वाईट" असं सरसकट बोलू नका, सगळ्यात जास्त काळजीची गोळी एकच आहे आणि ती बदलता येते का हे वेळेत बघायचं असतं.

३. व्हॅल्प्रोएटने नेमकं काय काय होऊ शकतं?

सगळ्यात जास्त बोललं जातं ते स्पायना बायफिडाबद्दल. बाळाचा मणका पाठीमागून नीट मिटत नाही, कधी पाठीवर पाण्याची गाठ दिसते, पायात ताकद नसते, लघवी-संडासवर ताबा राहत नाही. व्हॅल्प्रोएटवर हे १०० मागे १-२ बाळांत दिसतं, एरवीपेक्षा कितीतरी पट. त्याशिवाय हृदयाला भोक, टाळू किंवा ओठ फाटलेला, मुलग्यांमध्ये लघवीचं छिद्र खालच्या बाजूला असणं, हातापायाच्या हाडांमध्ये दोष. हे सगळं जन्मताना नाहीतर सोनोग्राफीत दिसणारं झालं. न दिसणारं त्याहून जास्त मुलांमध्ये असतं, ते प्रश्न ६ मध्ये.

४. पाळी चुकली, टेस्ट पॉझिटिव्ह आली. गोळी आजच बंद करू का?

नको. आजची गोळी घ्या, रात्रीची पण घ्या आणि उद्या सकाळी न्यूरोच्या डॉक्टरांना फोन करा, पुढच्या तारखेची वाट बघू नका. हे मी इतक्या ठामपणे सांगतेय कारण गोळी एकदम तोडली की फिट परत येते, आणि नुसती परत येत नाही, एकामागून एक येऊ शकते, त्यात आईचा जीव जाऊ शकतो आणि बाळाचाही. पडून पोटाला मार लागणं, बाळाला ऑक्सिजन कमी पडणं हे वेगळंच. घरातले लोक काळजीपोटीच म्हणतात की नऊ महिने औषध नको, पण हा सल्ला धोक्याचा आहे. गोळी बदलायची की डोस कमी करायचा की आहे तीच ठेवायची हे डॉक्टर तुमच्या फिटचा प्रकार बघून ठरवतील. जाताना गोळीची पट्टी, जुना ईईजी (मेंदूचा आलेख), शेवटची फिट कधी आली ती तारीख आणि शेवटच्या पाळीची तारीख एवढं घेऊन जा.

५. दुसरा महिना लागलाय, आता गोळी बदलून काय उपयोग?

मणक्याच्या बाबतीत खरंच उशीर झालेला असतो. बाळाच्या मेंदूची आणि मणक्याची नळी गर्भ राहिल्यापासून साधारण २८ दिवसांत मिटते, म्हणजे पाळीच्या हिशोबाने सहाव्या आठवड्यापर्यंत. पाळी चुकून आठवडाभर वाट बघितली, मग टेस्ट केली, मग अपॉइंटमेंट मिळाली, की तोवर ते काम आटोपलेलं असतं. म्हणून तर मी प्रत्येकीला सांगते की हा विषय दिवस जायच्या आधी काढायचा. पण उपयोगच नाही असंही नाही, मेंदूची वाढ नऊही महिने चालू असते, त्यामुळे डोस कमी करणं किंवा बदलणं झेपत असेल तर डॉक्टर तेव्हाही विचार करतात. मात्र घाईघाईत बदलताना फिट परत येण्याची भीती असते, म्हणून तो निर्णय प्रश्न ४ मध्ये सांगितलंय तसा त्यांच्याबरोबरच.

६. बाळ दिसायला एकदम छान आहे, म्हणजे सुटलो ना?

हा प्रश्न आला की मला जरा थांबून उत्तर द्यावं लागतं. आईच्या पोटात असताना व्हॅल्प्रोएट मिळालेल्या १०० मुलांपैकी ३० ते ४० मुलांत पुढे विकासाच्या अडचणी दिसतात, म्हणजे उशिरा चालणं, उशिरा बोलणं, शिकायला जड जाणं, लक्ष न लागणं, आणि ऑटिझमचं प्रमाणही जास्त. नीड नावाच्या अभ्यासात आईने वेगवेगळ्या गोळ्या घेतलेल्या मुलांची सहाव्या वर्षी बुद्ध्यांकाची चाचणी केली होती, २०१३ मध्ये ते आकडे आले, व्हॅल्प्रोएटवाल्या मुलांचा सरासरी बुद्ध्यांक बाकीच्यांपेक्षा ८ ते ११ अंकांनी कमी होता. याचा दुसरा अर्थ असा की निम्म्याहून जास्त मुलं ठीक असतात, त्यामुळे मूल झालंय तर घाबरून बसू नका, पण त्याच्या वाढीवर नीट नजर ठेवा (कशी ते प्रश्न १९).

७. फॉलिक ॲसिड घेतलं की धोका जातो ना?

जात नाही. फॉलिक ॲसिड घ्यायचंच आहे, पण व्हॅल्प्रोएटचा दोष ते पुसून टाकतं असं कुठेही दिसलेलं नाही. आणि इथे एक घोळ रोज बघते. सरकारी दवाखान्यात मिळते ती लाल गोळी, त्यात लोहाबरोबर फॉलिक ॲसिड ५०० मायक्रोग्रॅम असतं, म्हणजे अर्धा मिलिग्रॅम, आणि ती साधारण चौथ्या महिन्यापासून देतात. फिटच्या गोळ्या घेणाऱ्या बाईला डॉक्टर बहुतेक वेळा ५ मिलिग्रॅमची छोटी पिवळी गोळी लिहून देतात आणि ती गर्भ राहायच्या आधीपासून घ्यायची असते. लाल गोळी चालू आहे म्हणजे ही झाली असं समजू नका, दोन्ही वेगळ्या आहेत.

८. डोस कमी असेल तर चालतं का?

धोका डोसाबरोबर वाढतो हे खरं आहे. प्रश्न २ मधल्याच नोंदवहीत दिवसाला ६५० मिलिग्रॅमपर्यंत घेणाऱ्यांत व्यंगांचा आकडा १०० मागे सहाच्या आसपास होता, आणि १४५० च्या वर गेल्यावर पंचवीसच्या घरात, म्हणजे चारात एक. कमी डोस बरा, पण कमी डोस म्हणजे बिनधोक नव्हे, सहा हा आकडासुद्धा लेव्हेटिरॅसेटामच्या दुप्पट आहे. आणि "कमी" हे दिवसाच्या एकूण मिलिग्रॅमवर मोजायचं, ३०० ची सकाळी एक आणि रात्री दोन घेत असाल तर ते ९०० झाले. व्हॅल्प्रोएटबरोबर फिटचं दुसरं औषधही असेल तर तेही डॉक्टरांना आवर्जून सांगा.

९. ताई, लग्न ठरलंय. सासरी सांगायचं का?

आधी कायदा सांगते. पूर्वी हिंदू विवाह कायद्यात आणि विशेष विवाह कायद्यात फिटचा आजार लग्नाच्या आड येणाऱ्या गोष्टींत धरला जायचा, १९९९ च्या दुरुस्तीने तो शब्द काढून टाकला. त्यामुळे फिट येते एवढ्यावरून लग्न रद्द होत नाही. पण लपवून ठेवलं म्हणून फसवणुकीचा दावा लावणारे लावतात, तेव्हा निदान नवऱ्याला तरी लग्नाआधी, शक्य असेल तर लेखी मेसेजमध्ये, सांगून ठेवा असं मी म्हणते.

पण मला जास्त काळजी वाटते ती पुढची. लपवलेली गोळी ही चुकणारी गोळी असते. कितीतरी मुली गोळ्या पट्टीतून काढून विटामिनच्या डबीत भरतात, सगळे झोपल्यावर घेतात, पाहुणे आले की राहून जातात, सणाला उपास आणि जागरण झालं की फिट येते आणि मग सगळंच उघडं पडतं. आणि ज्या बाईने घरी सांगितलंच नाही ती मूल होऊ देण्याच्या आधी न्यूरोच्या डॉक्टरांकडे जाणार कशी? कुणाला सांगून, कोणत्या कारणाने बाहेर पडणार? ती येते ती तिसऱ्या महिन्यात, गायनॅक मॅडमनी फाइल बघून पाठवलं म्हणून, आणि तोवर प्रश्न ५ मधली वेळ निघून गेलेली असते. बाळाचं व्यंग गोळीने होतं हे बरोबर, पण त्या गोळीपर्यंत कुणी वेळेत पोचलं नाही याला घरातली लपवाछपवी कारण असते आणि हे बोलायला हवं. नवऱ्याला एकट्याने सांगायची भीती वाटत असेल तर त्याला ओपीडीत घेऊन या, आम्ही रोज अशी बोलणी करतो.

१०. मूल हवंय. किती आधीपासून तयारी करायची?

सहा महिने ते वर्षभर आधी. नवीन गोळी हळूहळू वाढवतात, जुनी हळूहळू उतरवतात, आणि मग काही महिने फिट येत नाही ना ते बघतात. हे चालू असताना गर्भनिरोधक वापरायचं (प्रश्न १४), गाडी चालवायची नाही, विहिरीवर-नदीवर एकटीने जायचं नाही. बऱ्याच वर्षांत फिट आली नसेल तर गोळी पूर्ण बंद करता येते का तेही याच वेळी विचारा, काही जणींच्या बाबतीत येते.

११. बदलून कुठली देतात?

बहुतेक वेळा लेव्हेटिरॅसेटाम किंवा लॅमोट्रिजिन. लेव्हेटिरॅसेटामने काहींची चिडचिड वाढते, मूड जातो, ते अंगावर काढू नका, सांगा. लॅमोट्रिजिन फार हळू वाढवावी लागते कारण पटकन वाढवली की अंगावर गंभीर पुरळ येऊ शकतं, आणि व्हॅल्प्रोएट चालू असताना तर अजूनच हळू, कारण व्हॅल्प्रोएटमुळे तिचं रक्तातलं प्रमाण वाढतं. गरोदरपणात उलटं होतं, शरीर लॅमोट्रिजिन भराभर बाहेर टाकतं आणि डोस वाढवावा लागतो, डिलिव्हरीनंतर परत कमी. "प्रेग्नन्सीत डोस वाढवला म्हणजे डॉक्टर चुकले" असा गैरसमज करून कुणी गोळ्या अर्ध्या करू नका.

१२. माझ्या फिट व्हॅल्प्रोएटशिवाय थांबतच नाहीत. मग मी आई व्हायचंच नाही का?

असं कुणी म्हटलं असेल तर ते चूक आहे. काही प्रकारच्या फिटना, खासकरून सकाळी उठल्यावर हात झटकतात आणि मग मोठी फिट येते त्या प्रकारात, व्हॅल्प्रोएट खरंच सगळ्यात चांगलं चालतं. बाकीच्या गोळ्या नीट वापरून बघितल्या आणि उपयोग झालाच नाही तर ते ठेवतात, पण शक्य तेवढ्या कमी डोसात, एकटंच, आणि दिवसात वाटून. धोका किती आहे हे आधी नवराबायको दोघांना समोर बसवून सांगतात, आणि सोनोग्राफीचं वेळापत्रक आधीच ठरवतात. हा निर्णय तुमचा असतो, सासूबाईंचा नाही आणि आमचाही नाही.

१३. मला फिट नाहीत, मायग्रेनसाठी किंवा बायपोलरसाठी हीच गोळी दिलीय.

मग तर लवकर बोला. डोकेदुखी टाळायला म्हणून गरोदरपणात व्हॅल्प्रोएट देऊ नये असं अमेरिकेच्या औषध नियंत्रकांनी (एफडीए) २०१३ मध्येच सांगितलं. युरोपात २०१८ पासून मायग्रेन आणि बायपोलर दोन्हींसाठी गरोदरपणात मनाई आहे. दोन्हींसाठी दुसरी औषधं आहेत. बायपोलरवाल्यांनीही मानसोपचार डॉक्टरांना न विचारता एकदम तोडू नका.

१४. गर्भनिरोधक गोळी या औषधांबरोबर चालते का?

कुठलं औषध त्यावर आहे. व्हॅल्प्रोएट आणि लेव्हेटिरॅसेटामने गर्भनिरोधक गोळीला फरक पडत नाही. कार्बामाझेपिन, फेनिटॉइन, फेनोबार्बिटोन यांनी मात्र तिची ताकद कमी होते, आणि संबंधानंतर घ्यायची इमर्जन्सी गोळीही तेवढी भरवशाची राहत नाही. लॅमोट्रिजिनचं अजून वेगळं, तिथे इस्ट्रोजेन असलेल्या गर्भनिरोधक गोळीमुळे लॅमोट्रिजिनच कमी पडते आणि फिट येऊ शकते. तांबी सगळ्यांबरोबर चालते, सरकारी दवाखान्यात मोफत मिळणारं अंतरा इंजेक्शनही.

१५. सोनोग्राफीत सगळं कळतं का? आणि काही निघालं तर?

सगळं नाही. ११ ते १३ आठवड्यांत एक आणि १८ ते २० आठवड्यांत ॲनॉमली स्कॅन (व्यंग शोधायची सोनोग्राफी), या दोन चुकवू नका, आणि करणाऱ्या डॉक्टरांना आधीच सांगा की व्हॅल्प्रोएट चालू आहे म्हणजे ते मणका, हृदय, टाळू जास्त वेळ बघतील. मणक्याचा मोठा दोष बहुतेक वेळा दिसतो, पण प्रश्न ६ मधलं काहीही सोनोग्राफीत दिसत नाही.

गंभीर दोष निघाला तर कायदा काय म्हणतो तेही माहीत हवं. गर्भपाताच्या कायद्यातल्या २०२१ च्या दुरुस्तीनंतर २० आठवड्यांपर्यंत एका डॉक्टरच्या मताने, २० ते २४ आठवड्यांत ठराविक कारणांसाठी (गंभीर व्यंग त्यात येतं) दोन डॉक्टरांच्या मताने गर्भपात करता येतो, आणि २४ च्या पुढे मोठं व्यंग असेल तर मेडिकल बोर्ड ठरवतं. करायचा की नाही हे बाईने ठरवायचं. म्हणूनच स्कॅन २३ व्या आठवड्यावर ढकलू नका, विचार करायला वेळच उरत नाही.

१६. हे इतकं गंभीर आहे तर आधी कुणी का सांगितलं नाही?

हा राग अगदी योग्य आहे. व्हॅल्प्रोएट फ्रान्समध्ये १९६७ साली बाजारात आलं. १९८२ मध्ये फ्रान्समधल्याच लियॉनमधून मणक्याच्या दोषाची पहिली ठळक सूचना आली. मेंदूच्या वाढीबद्दलचे पक्के आकडे यायला त्यानंतर पंचवीसएक वर्षं गेली, आणि मधल्या काळात हजारो बायकांनी कुणी काही न सांगता ही गोळी घेतली. ब्रिटनमध्ये या बायकांनी आवाज उठवला, २०१८ मध्ये तिथे कडक नियम आले, २०२० मध्ये सरकारी चौकशीने साफ म्हटलं की रुग्णांचं ऐकलंच गेलं नाही. २०२३ मध्ये जागतिक आरोग्य संघटनेनेही सांगितलं की मूल होऊ शकेल अशा मुली-बायकांना ही गोळी सुरू करू नये. आपल्याकडे तिरुअनंतपुरमच्या श्री चित्रा संस्थेत १९९८ पासून फिट आणि गर्भारपणाची नोंदवही चालू आहे, म्हणजे माहिती भारतातही आहे, ती खेड्यातल्या दवाखान्यातल्या चिठ्ठीपर्यंत पोचत नाही हे दुखणं आहे. व्हॅल्प्रोएट स्वस्त आहे, सगळीकडे मिळतं आणि बहुतेक प्रकारच्या फिटवर चालतं, म्हणून पटकन लिहिलं जातं.

१७. मुलगी १२ वर्षांची आहे, तिला हीच गोळी चालू आहे. आत्ता बोलायची गरज आहे का?

हो, पाळी सुरू झाली की लगेच, किंवा त्याच्या आधीच. आत्ता बदलायला निवांत वेळ आहे, लग्नाच्या धावपळीत नसतो. व्हॅल्प्रोएटने वजन वाढणं, पाळी अनियमित होणं हेही होतं, तेही कारण आहे. आणि हे बोलणं मुलीसमोर करा, औषध तिचं आहे.

१८. गोळी नवरा घेतो, मी नाही. मग?

२०२४ मध्ये युरोपच्या औषध नियंत्रकांनी सावधगिरी म्हणून सांगितलं की बाप गर्भधारणेच्या आधीच्या तीन महिन्यांत व्हॅल्प्रोएटवर असेल तर मुलांत विकासाच्या अडचणी थोड्या जास्त असू शकतात, १०० मागे ५, आणि लॅमोट्रिजिन-लेव्हेटिरॅसेटामवाल्या बापांत ३. त्याच वर्षी डेन्मार्कच्या दुसऱ्या अभ्यासात असं काही दिसलं नाही. म्हणजे पक्कं नाही, आणि आईच्या धोक्याशी याची बरोबरी होत नाही. मूल होऊ द्यायच्या आधी डॉक्टरांना विचारा, त्यानेही गोळी आपल्या मनाने सोडू नये.

१९. मूल झालंय, गोळी चालूच होती. अंगावर पाजू का? आणि पुढे काय बघू?

पाजा. व्हॅल्प्रोएट दुधात फार कमी उतरतं, लेव्हेटिरॅसेटाम आणि लॅमोट्रिजिनवरही पाजतात. फेनोबार्बिटोनवर असाल आणि बाळ सुस्त राहत असेल, ओढत नसेल, तर दाखवा. रात्रीची झोप तुटली की फिट येते, म्हणून रात्रीचं एखादं पाजणं काढून ठेवलेल्या दुधावर दुसऱ्या कुणी करावं. बाळाला जमिनीवर गादीवर बसून घ्या, आंघोळ एकटीने घालू नका.

पुढे मान धरणं, बसणं, चालणं, पहिले शब्द यांच्या तारखा लिहून ठेवा. उशीर वाटला तर "आमच्याकडे मुलं उशिरा बोलतात" म्हणून थांबू नका, सरकारी जिल्हा रुग्णालयात लहान मुलांसाठीचं शीघ्र हस्तक्षेप केंद्र असतं, डीईआयसी म्हणतात त्याला, तिथे तपासणी आणि थेरपी मोफत होते, अंगणवाडीत मुलं तपासायला येणाऱ्या सरकारी आरबीएसके पथकाकडूनही चिठ्ठी मिळते. अपंगत्व असेल तर यूडीआयडी कार्ड (अपंगत्वाचं सरकारी ओळखपत्र) काढून घ्या, २०१६ च्या अपंगांच्या हक्कांच्या कायद्यात ऑटिझम, बौद्धिक अपंगत्व आणि शिकण्यातली अक्षमता तिन्ही आहेत.

२०. पहिल्या बाळाला व्यंग होतं. दुसऱ्यालाही होईल का?

तीच गोळी तेवढीच चालू ठेवली तर शक्यता नेहमीपेक्षा जास्त धरतात, कारण काही आया-बाळांच्या शरीराला हे औषध जास्त बाधतं असं दिसतं. गोळी बदलली तर चित्र बदलतं. त्यामुळे पहिल्या बाळाच्या कागदांवर, डिस्चार्ज कार्डावर, "गरोदरपणात आईला व्हॅल्प्रोएट चालू होतं" हे दिवसाच्या डोसासकट लिहून घ्या. पुढच्या वेळी दुसरं गाव, दुसरे डॉक्टर असतील तर त्यांना तोच एक कागद सगळं सांगतो.